प्राग मेट्रो: चौदा महिने पास काढून फिरल्यावर

कंपनीने प्रागला पाठवलं तेव्हा घर मिळालं ते लाल लाइनच्या दक्षिणेकडच्या शेवटच्या स्टेशनाजवळ. स्टेशनाचं नाव ‘हाये’. पहिल्याच फोनवर आईने विचारलं, “कुठे राहतेस नेमकी?” म्हटलं, “हाये.” “आहेस ते ठाऊक आहे गं, पण कुठे?” हा संवाद पुढे चौदा महिने घरात विनोद म्हणून चालला.

ऑफिस कार्लीन भागात, पिवळ्या लाइनच्या क्रिझीकोवा स्टेशनाजवळ. म्हणजे रोज हायेहून लाल लाइनने बारा स्टेशनं, फ्लोरेन्त्सला गाडी बदलायची आणि पिवळ्या लाइनने एक स्टेशन. दारापासून दारापर्यंत पस्तीस मिनिटं. पुण्यात सिंहगड रोडवरून हिंजवडीला जाणाऱ्या माणसाला हे सांगायलाही लाज वाटते.

लाइनी तीनच: ए हिरवी, बी पिवळी, सी लाल. तिन्ही एकमेकींना एकेकदाच छेदतात, मूस्तेक, मुझेउम आणि फ्लोरेन्त्स इथे, त्यामुळे शहराच्या मध्यात एक त्रिकोण तयार होतो. हा त्रिकोण डोक्यात बसला की नकाशा खिशात ठेवावा. कुठूनही कुठेही जाताना फार तर एकदाच बदलावं लागतं. लंडनच्या नकाशाने घाम फुटलेल्या माझ्यासारखीला याचं फार अप्रूप. तरी पहिल्या आठवड्यात मुझेउमला उलट्या दिशेच्या गाडीत बसलेच, कारण मी स्टेशनांची नावं वाचत होते आणि बाण बघायचा राहिला.

सगळ्यात जुनी आमची लाल लाइन. ९ मे १९७४ ला ती सुरू झाली, तेव्हा काचेरोव्ह ते आजचं फ्लोरेन्त्स एवढीच होती. हायेपर्यंत ती १९८० मध्ये आली आणि त्या वेळी या स्टेशनाचं नाव ‘कोस्मोनाउतू’, म्हणजे ‘अंतराळवीरांचं’, असं होतं. वर बाहेर दोन अंतराळवीरांचा पुतळा अजून उभा आहे. त्यातला एक व्लादिमीर रेमेक, १९७८ मध्ये सोव्हिएत यानातून गेलेला चेकोस्लोव्हाक. सोव्हिएत किंवा अमेरिकन नसलेला तो पहिला अंतराळवीर. आपले राकेश शर्मा १९८४ मध्ये ज्या सोव्हिएत इंटरकॉसमॉस कार्यक्रमातून गेले, तोच हा कार्यक्रम. भाजीच्या पिशव्या घेऊन त्या पुतळ्याखालून जाताना हे आठवलं की जरा माहेरचं वाटायचं. १९९० मध्ये अशी बरीच नावं एका फटक्यात बदलली. लेनिनोवाचं देयवित्स्का झालं, मॉस्केव्ह्स्काचं आंद्येल. आंद्येलच्या भिंतींवर सोव्हिएत मैत्रीची शिल्पं मात्र तशीच आहेत.

तिकिटाची पद्धत पचायला मला वेळ लागला. गेट नाही. कुठेच नाही. जिन्याच्या तोंडाशी खांबावर एक पिवळी पेटी असते, त्यात कागदी तिकीट घालून वेळेचा शिक्का मारायचा आणि चालू लागायचं. पुणे मेट्रोत तिकिटाचा क्यूआर कोड दाखवल्याशिवाय फ्लॅप उघडत नाही, इथे आपल्याला अडवायला कुणी उभंच नाही. मोकळं रान वाटतं ना? आमचे अहो भेटायला आले तेव्हा त्यांनी तिकीट घेतलं, पाकिटात जपून ठेवलं आणि शिक्का मारलाच नाही. मुझेउमला साध्या कपड्यातल्या माणसाने तळहातातला बिल्ला दाखवला. “पण तिकीट आहे ना माझ्याकडे!” हे वाक्य मराठी, हिंदी आणि इंग्रजीत म्हणून झालं. दंड भरला. चूक आमचीच होती, पेटीवर चित्रासकट लिहिलेलं आहे. तेव्हा हे करू नका: पैसे भरले म्हणजे तिकीट चालू झालं असं धरू नका. शिक्का मारला की घड्याळ सुरू.

माझ्याकडे सुरुवातीला महिन्याचा पास होता, ५५० कोरुनांचा. मग एका सहकाऱ्याने वेड्यात काढलं आणि वर्षाचा घ्यायला लावला. तो ३६५० कोरुना, दिवसाला बरोबर दहा. २०१५ मध्ये शहराने तो मुद्दाम एवढा स्वस्त केला होता. त्याच पासावर ट्राम आणि बसही. एकदा पास खिशात आला की माणूस बदलतो. पाऊस आला म्हणून एका स्टेशनासाठी खाली उतरायचं, चुकीच्या स्टेशनावर उतरलो तरी हळहळायचं नाही. मी कितीतरी रविवार नुसती स्टेशनं बघत फिरले.

आणि ती बघण्यासारखी आहेतच. हिरव्या लाइनच्या मध्यातल्या भिंतींवर रंगीत ॲल्युमिनियमचे चौकोन आहेत, काही बाहेर फुगलेले, काही आत दबलेले. आप्पेपात्र उभं करून भिंतीला टेकवावं तसे. आर्किटेक्ट यारोस्लाव ओत्रुबा. प्रत्येक स्टेशनाचा रंग वेगळा, मूस्तेकचा सोनेरी, नाम्येस्ती मीरूचा निळा. झोपेतून दचकून उठलं तरी रंगावरून कळतं कुठे आलो. पिवळ्या लाइनवर हूर्का आणि लुझिनीच्या मध्ये गाडी जमिनीवरून एका बंद नळीसारख्या पुलातून जाते. राय्स्का झाहरादा म्हणजे ‘नंदनवन’ नावाच्या स्टेशनात दोन दिशांचे रूळ एकावर एक आहेत. लाल लाइनवर उत्तरेला स्त्रीझ्कोव्ह, २००८ चं, काच आणि पोलादाचा मोठा मासा पालथा पडल्यासारखं. सहकाऱ्यांत त्यावरून भांडणं व्हायची. मला आवडतं.

पण माझ्या रोजच्या वाटेवरचा आवडता तुकडा नुस्ले पुलाचा. पाचशे मीटरला थोडा कमी लांब, दरीवरून चाळीसेक मीटर उंच. वरून मोटारी धावतात आणि मेट्रो त्याच पुलाच्या पोटातून. रस्त्यावरून बघणाऱ्याला पत्ता लागत नाही की पायाखालून गाडी गेली. मुळात खालून हलक्या ट्राम न्यायच्या असं ठरलं होतं, पण मेट्रोचे सोव्हिएत डबे वजनाला भारी निघाले, मग आतून मजबुती करावी लागली. सुरू करण्याआधी पुलावर ६६ रणगाडे उभे करून चाचणी घेतली. पुलाला लागूनच विशेह्राद स्टेशन. दोन्ही बाजूंना काचा. सकाळी आठला बोगद्यातून आलेली गाडी एकदम उजेडात थांबते, फोनमध्ये घातलेल्या माना वर होतात, दारं बंद झाली की पुन्हा खाली.

दारांवरून आठवलं. दारं लावण्याआधी घोषणा होते: “उकोन्चेते, प्रोसीम, वीस्तुप अ नास्तुप, द्वेर्झे से झावीरायी.” उतरणं-चढणं आटपा, दारं बंद होताहेत. मला अख्खं म्हणता आलेलं हे पहिलं चेक वाक्य. पोस्टात, दुकानात त्याचा काडीचा उपयोग नाही, पण ऑफिसच्या पार्टीत म्हणून दाखवलं आणि टाळ्या घेतल्या. पुढचं स्टेशन इ. पे. पावलोवा, लोक त्याला लाडाने पावलाक म्हणतात. हा कुत्र्यांवर प्रयोग करणारा तोच पावलोव्ह. गाडीत तोंडाला मुसकी बांधलेले कुत्रे असतातच, आणि दारांची घंटा वाजली की मी न चुकता त्यांच्याकडे बघायचे.

आई दीड महिना राहून गेली, तेव्हा या मेट्रोची दुसरी बाजू दिसली. नाम्येस्ती मीरू हे सगळ्यात खोल स्टेशन, ५३ मीटर. आपलं पुणे मेट्रोचं सिव्हिल कोर्ट स्टेशन ३३ मीटर आहे, त्यावरून अंदाज घ्या. सरकता जिना एकच आणि सलग, ८७ मीटर लांब, युरोपियन युनियनमधला सगळ्यात लांब. आई वर उभी राहून खाली बघत म्हणाली, “अगं, हे थेट पाताळात जातंय.” त्यात इथले जिने धावतात. पाऊल टाकायला कचरणाऱ्याच्या मागे लगेच रांग लागते. आईने माझा दंड असा धरला की वळ उठला. पुढे आम्ही लिफ्ट असलेलीच स्टेशनं धरून फिरलो. सगळीकडे ती नाही, आणि असते तिथे कधीकधी रस्ता ओलांडून भलत्याच कोपऱ्यावर निघते. गुडघे दुखणारं माणूस बरोबर असेल तर नकाशावरचं व्हीलचेअरचं चिन्ह आधी शोधा.

मात्र अंध प्रवाशांसाठी केलेली सोय मी दुसरीकडे पाहिली नव्हती. त्यांच्याजवळ लहानसं ट्रान्समीटर असतं, बटण दाबलं की स्टेशनाच्या दारावरचा भोंगा बोलून सांगतो की तुम्ही इथे आहात.

फ्लोरेन्त्सबद्दल लिहायलाच हवं, कारण रोज तिथे दोनदा गाडी बदलली. लाल फलाट रस्त्याच्या जवळ, पिवळा खूप खाली, मधे लांब जिना. हा सगळा भाग ऑगस्ट २००२ च्या पुरात बुडाला. मेट्रो बांधताना युद्धकाळातला निवारा म्हणून तिला जाड पोलादी दरवाजे बसवले होते, तरीही व्ल्तावा नदीचं पाणी आत शिरलं आणि डझनभराहून जास्त स्टेशनं भरली. सगळी पूर्ववत व्हायला पुढच्या वर्षीचा मार्च उजाडला. ऑफिसातल्या एका काकूंनी तेव्हाच्या पर्यायी ट्रामच्या गर्दीचं वर्णन ऐकवलं. पानशेतच्या गोष्टी सांगताना आमच्या आजीचा जो आवाज व्हायचा, तोच त्यांचाही झाला.

वेळेबद्दल तक्रार नाही. सकाळच्या गर्दीत लाल लाइनला दोन-अडीच मिनिटांनी गाडी. फलाटाच्या टोकाला घड्याळाशेजारी आकडे पळतात. पहिले काही दिवस मला ते पुढच्या गाडीची वेळ वाटले, पण जुन्या पद्धतीने ते मागची गाडी जाऊन किती वेळ झाला ते सांगतात. नुकत्याच गेलेल्या गाडीचं सुतक मोजणारं हे घड्याळ पाहून मला हसू यायचं.

चौथी लाइन, डी, निळी आणि बिनचालकाची, तिचं खोदकाम पांक्रात्सजवळ २०२२ मध्ये सुरू झालंय.

विमानतळापर्यंत मेट्रो नाही. हिरव्या लाइनने नाद्राझी वेलेस्लावीनला उतरायचं आणि पुढे ५९ नंबरची ट्रॉलीबस. दोन मोठ्या बॅगा असतील तर थेट टॅक्सी करा. आणि मध्यरात्रीच्या सुमारास मेट्रो झोपते, शुक्रवारी-शनिवारी तासभर उशिरा. गाडी चुकलीच तर घाबरू नका, लाझार्स्काच्या चौकात चालत जा. रात्रीच्या सगळ्या ट्राम तिथे एकमेकींना भेटतात, आणि मेट्रोचा पास त्यांनाही चालतो.