शेताची वाट अडवली: पोलीस ठाणं, तहसील की दिवाणी कोर्ट?

पंढरपूर-माळशिरसकडं उसाला तोड येते, ट्रॉली बांधापाशी पोचते आणि पाहावं तर शेजाऱ्यानं वाटेवर जेसीबीनं चर मारलेला. अशा वेळी पहिली धाव पोलीस ठाण्याकडंच जाते. जायला हरकत नाही, पण तिथून रस्ता मिळत नाही. वहिवाट कुणाची, हे ठरवायचा अधिकार पोलिसांना नाही. भारतीय न्याय संहितेच्या कलम 126 नुसार माणसाला बेकायदा अडवणं गुन्हा आहे खरा. मात्र खासगी वाट अडवायचा आपल्याला हक्क आहे, असं समोरचा प्रामाणिकपणे समजत असेल तर तो गुन्हा होत नाही, असा अपवाद त्याच कलमात आहे. आणि तसं न म्हणणारा शेजारी निदान आमच्या जिल्ह्यात तरी सापडायचा नाही.

तहसीलचे दरवाजे दोन आहेत आणि गोंधळ तिथंच होतो. वाट आधीपासून वापरात होती आणि आता अडवली, तर मामलेदार न्यायालय अधिनियम 1906 चं कलम 5. जागेवर पंचनामा होतो, जबाब होतात आणि तहसीलदार अडथळा काढायचा व पुन्हा न अडवण्याचा आदेश देऊ शकतात. दिवाणी दाव्याच्या मानानं हे स्वस्त आणि लवकर होतं. अट एकच, पण कडक: अडवल्यापासून सहा महिन्यांत अर्ज. "गावातच मिटवू" म्हणत पावसाळा जातो, दिवाळी जाते आणि मुदतही जाते. बैठक जरूर घ्या, पण अर्ज टाकून घ्या.

वाट मुळात नव्हतीच, तर जमीन महसूल संहिता 1966 चं कलम 143. इथं सहा महिन्यांची अट नाही, मात्र रस्ता मागायचा तो बांधावरून. सांगोल्यातल्या कुणाच्या डाळिंबाच्या बागेतून मधोमध मागाल तर या कलमात बसणार नाही. निकाल मान्य नसलेल्याला वर्षाच्या आत दिवाणी दावा करता येतो.

दोन्ही कलमं एकाच अर्जात घालू नका. "वाट होती" आणि "वाटच नाही" हे एका सहीखाली आलं की समोरच्या वकिलाचं निम्मं काम झालं.

दिवाणी कोर्ट सगळ्यांत लांबचं, पण हक्काचा पक्का निवाडा तिथंच. सहा महिने हुकले असतील आणि वाट जुनी असेल, तर माझ्या मते तिकडंच जावं. सुविधाधिकार (दुसऱ्याच्या जमिनीतून वाट वापरण्यासारखा हक्क) कायदा 1882 नुसार उघडपणे, हक्क म्हणून आणि अखंड 20 वर्षं वापर दाखवावा लागतो. तुटक रेषांची गाडीवाट दाखवणारा गाव नकाशा, खरेदीखतातल्या चतुःसीमा आणि शेजारच्या गटातले वयस्क साक्षीदार इथं कामाला येतात. दावा चालेपर्यंत तात्पुरता मनाई हुकूम मागता येतो.

मग पोलिसांचं काम काय? मारामारीची भीती असेल तर त्यांच्या अहवालावरून कार्यकारी दंडाधिकारी नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 126 खाली शांततेचं बंधपत्र घेऊ शकतात. (आकडा तोच, कायदा वेगळा. ठाण्यात बोलताना गफलत नको.) वाटेच्या वापरावरूनच शांतता बिघडणार असेल तर याच सुरक्षा संहितेचं कलम 166 आहे. त्यात अहवालाआधीच्या तीन महिन्यांतला वापर बघतात, आणि वाट हंगामीच असेल तर मागच्या हंगामातला. ऊसवाल्यांना ही तरतूद सोयीची आहे. मागच्या तोडीच्या वाहतुकीच्या पावत्या म्हणूनच फेकू नयेत. तरी हा आदेश सक्षम न्यायालयाचा निकाल येईपर्यंतचाच.

पोलिसांचा खरा उपयोग आदेश हातात आल्यावर होतो. चर बुजवायच्या दिवशी बंदोबस्त हवा, अशी लेखी मागणी तहसीलमार्फत ठाण्यात आधीच पोचवा. रस्ता खुला झाला की 7/12 च्या 'इतर हक्कात' नोंद करून घ्या. मे 2025 च्या शासन निर्णयात शेतरस्त्यांच्या अशा नोंदी घ्यायला सांगितलं आहे. शेजाऱ्यानं उद्या रान विकलं, तर नव्या मालकाला उताऱ्यावरच वाट दिसते.