मुखविकासाचा प्रतिकृती संच : ओठांसाठी उत्तम, टाळूसाठी अपुरा

नवी मुंबईतील दंतवैद्यक महाविद्यालयांच्या पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्यांची शिकवणी मी नेरुळला घेतो आणि त्यासाठीच ठाणे स्टेशनजवळच्या शैक्षणिक साहित्याच्या दुकानातून हा सहा प्रतिकृतींचा संच आणला. चौथ्या ते दहाव्या आठवड्यांत भ्रूणाचा चेहरा कसा घडतो, हे त्यात समोरून दाखवले आहे.

संचाचे खरे बळ रंगांत आहे. फ्रंटोनेझल (कपाळ-नाकाचा) उंचवटा पिवळा, दोन मॅक्सिलरी (वरच्या जबड्याचे) हिरवे आणि दोन मँडिब्युलर (खालच्या जबड्याचे) निळे, असे चेहरा घडवणारे पाचही उंचवटे अखेरच्या प्रतिकृतीपर्यंत आपापला रंग सोडत नाहीत. वरचा ओठ दुभंगतो तेव्हा फट बहुधा मधोमध न पडता एका किंवा दोन्ही बाजूंना का पडते, हा प्रश्न दरवर्षी हमखास येतो. त्याचे उत्तर येथे बोट ठेवून दाखवता येते, कारण ओठाचा मधला भाग पिवळ्या उंचवट्यातून निघालेल्या मिडियल नेझल प्रोसेसचा (नाकाच्या मधल्या बाजूच्या फुगवट्यांचा) असतो आणि सहाव्या-सातव्या आठवड्यांत हिरवा भाग त्याला जेथे जुळायला हवा, तेथेच तो जुळायचा राहून जातो. खालचा ओठ केवळ दोन निळ्या उंचवट्यांचा, तोही लवकर जुळणारा, त्यामुळे तो क्वचितच दुभंगतो.

पहिल्या प्रतिकृतीबाबत मात्र माझी तक्रार आहे. तीत स्टोमोडियम, म्हणजे भावी तोंडाची जागा, हा निव्वळ एक खळगा आहे, त्यामुळे तोच खोल होत होत घशापर्यंत पोहोचतो, असा विद्यार्थ्यांचा समज होतो. वस्तुतः खळग्याच्या तळाशी बाहेरून एक्टोडर्म (भ्रूणाचा बाह्य थर) व आतून एंडोडर्म (आतला थर) असा, मध्ये मेसोडर्म (मधला थर) नसलेला पातळ पडदा असतो आणि सुमारे 26व्या दिवशी तो फुटल्यावरच तोंड व घशाची वाट एक होते. एक उभा छेद दिला असता तर हा पडदा दिसला असता, शिवाय त्याच्या जरा पुढे, छतातून वर जाणारी आणि पुढे पिट्यूटरी ग्रंथीचा अग्रभाग होणारी राथके पिशवीही दिसली असती.

टाळूची उपेक्षा त्याहून मोठी आहे. दोन्ही पॅलेटल शेल्फ (टाळू घडवणाऱ्या पट्ट्या) आधी जिभेच्या दोहो बाजूंना उभ्या असतात आणि जीभ खाली सरकली की आडव्या होऊन मध्यरेषेवर जुळतात. टाळू दुभंगण्याचे मूळ या हालचालीत असूनही संचात तिचा मागमूस नाही. ती मला स्वतःचे तळहात उभे-आडवे करून दाखवावी लागते.

प्लॅस्टिक जाड असून चकती फिरवल्यावर प्रतिकृती डगमगत नाही. सोबतचा तक्ता जुजबी आहे.

घेताना पाचवी प्रतिकृती उजेडात नीट पाहावी. मला मिळालेल्या पहिल्या संचात हिरवा रंग पिवळ्यावर पसरून नेमकी जोडरेषाच पुसली गेली होती. दुकानदारांनी ती प्रतिकृती विनातक्रार बदलून दिली.