थेल्मा रिटरसाठी घेतलेली ब्लू-रे : 'पिकअप ऑन साउथ स्ट्रीट'

जुने, नावाजलेले सिनेमे डिस्कवर काढणाऱ्या क्रायटेरियन या अमेरिकन कंपनीने २०२१ मध्ये काढलेली ही डिस्क खरं तर दिग्दर्शक सॅम्युअल फुलरच्या चाहत्यांसाठी आहे. मी न्यू जर्सीतल्या मुलीकडून ती मागवली थेल्मा रिटर या सहायक अभिनेत्रीसाठी. राज्य नाट्य स्पर्धेत मी आयुष्यभर मोलकरीण, शेजारीण, नवरीची आत्या हेच केलं. त्यामुळे पडद्यावरही माझी नजर हिरोच्या पलीकडे, दारात ट्रे घेऊन उभ्या असलेल्या बाईकडे जाते. 'रिअर विंडो'त पाय प्लास्टरमध्ये असलेल्या जेम्स स्ट्युअर्टला मालिश करता करता चार शब्द सुनावणारी नर्स स्टेला आठवते? त्याच या बाई.

सिनेमा १९५३ चा, कृष्णधवल, जेमतेम ८० मिनिटांचा. न्यूयॉर्कच्या सबवेत एक पाकीटमार (रिचर्ड विडमार्क) एका बाईची पर्स हलकी करतो आणि त्यात कम्युनिस्ट हेरांकडे निघालेली मायक्रोफिल्म (गुप्त कागदांचे बारीक फोटो असलेली फिल्म) हाती लागते. पुढची पळापळ चांगलीच आहे, पण त्या काळातला कम्युनिस्टांचा बागुलबुवा आज थोडा हसवतो.

थेल्माबाई आहेत मो. वरकरणी टाय विकायचे, खरा धंदा पोलिसांना खबरा द्यायचा. पोलीस स्टेशनातला त्यांचा पहिला प्रवेश मी थांबवून थांबवून पाहिला. पाकीट नेमकं कसं मारलं ते त्या आधी विचारून घेतात आणि त्यावरून हा कोणाचा हात असेल ते ताडतात. पण नाव सांगायच्या आधी भाव ठरला पाहिजे, कारण महागाई वाढली आहे! हा सगळा सौदा मंडईत मेथीची जुडी घ्यावी इतक्या सहजपणे चालतो. कुठे आवाज चढवणं नाही, प्रेक्षकाकडे बघून 'बघा मी किती गमतीशीर' असं सुचवणं नाही. आमच्याकडे अशा भूमिकेत हशा वसूल केल्याशिवाय कोणी विंगेत जात नाही, मीसुद्धा नाही.

हे पैसे कशासाठी? लाँग आयलंडवर स्वतःच्या थडग्याची जागा घ्यायची आहे. पॉटर्स फील्डमध्ये बेवारशांच्या रांगेत जायचं नाही, एवढंच बाईंचं स्वप्न. आणि ज्याचा पत्ता विकला तो पाकीटमारही तिच्यावर चिडत नाही, तिलाही पोट आहे म्हणतो.

सत्तर वर्षांपूर्वीच्या सिनेमात कसला आलाय स्पॉयलर, तेव्हा सांगूनच टाकते : मोच्या खोलीतला शेवटचा प्रवेश या डिस्कचे पैसे वसूल करतो. दिवसभर पायपीट करून आलेली म्हातारी ग्रामोफोन लावून पलंगावर पडते, आणि खोलीत पिस्तूलवाला. ती गयावया करत नाही. मी इतकी दमलेय की तू गोळी घातलीस तर उपकारच होतील, असं म्हणते, आणि त्या दमण्यावर आपला विश्वास बसतो, कारण तोपर्यंत तिचे खांदे, पापण्या, बोलताना अपुरा पडणारा श्वास सगळं तेच सांगत असतं. नव्या ४के प्रतीत चेहऱ्यावरची सुरकुती न् सुरकुती दिसते. गोळी सुटते तेव्हा कॅमेरा मात्र तिच्यावर नसतो.

या भूमिकेसाठी त्यांना ऑस्करचं नामांकन मिळालं. बक्षीस डोना रीडला गेलं. १९५० ते १९६२ या काळात सहायक अभिनेत्रीची सहा नामांकनं, आणि एकदाही बाहुली हातात नाही. उलट हॉलिवूड आणि न्यूयॉर्क अशा दोन ठिकाणी झालेल्या १९५५ च्या ऑस्कर सोहळ्यात न्यूयॉर्कच्या बाजूचं सूत्रसंचालन मात्र त्यांच्याकडे! ब्रुकलिनमध्ये १९०२ साली जन्म, आणि सिनेमात पाऊल १९४७ मध्ये, म्हणजे पंचेचाळिशीत, 'मिरॅकल ऑन थर्टी-फोर्थ स्ट्रीट'मधल्या एका छोट्या प्रसंगात. श्रेयनामावलीत नावही नव्हतं. रंगभूमीने तेवढी कदर केली, १९५८ चा टोनी, म्हणजे अमेरिकन रंगभूमीचा मानाचा पुरस्कार, दिला (तोही अभिनेत्री ग्वेन व्हर्डनबरोबर विभागून).

डिस्कवरच्या पुरवण्यांत फुलरची मुलाखत आणि एडिटिंग टेबलावर बसून त्याने सुरुवातीचा सबवेतला प्रसंग उलगडून दाखवलेला फ्रेंच टीव्हीचा तुकडा आहे. तो जरूर बघा, माणूस बोलतो झकास. थेल्माबाईंवर स्वतंत्र असं काही ठेवलं असतं तर मी आणखी खूश झाले असते. पण १९५४ चं रेडिओ रूपांतर आहे आणि त्यात मो त्याच आहेत. डोळे मिटून ऐका. तो किंचित घोगरा, ब्रुकलिनचा आवाज चेहऱ्याविना किती काम करतो ते कळतं.

बोली चोरबाजारातली असल्याने इंग्रजी सबटायटल्स लावूनच बघा. चित्र जुन्या चौकोनी मापाचं आहे, दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या येणारच. टीव्हीवर ताणून बघू नका. आणि ब्लू-रे डिस्क जगाच्या ठरावीक भागातल्या (रीजन) प्लेअरवरच चालावी अशी बांधलेली असते; ही रीजन ए ची आहे, भारत सी मध्ये येतो. घरी ऑल-रीजन प्लेअर असेल तरच कोणाला बॅगेत आणायला सांगा.