ख्रिसमस स्टोरी हाऊस, क्लीव्हलँड: सिंकखालच्या कपाटात शिरून बघाच

ओहायोत आल्यापासून आमच्याकडे २४ डिसेंबरला रात्री 'अ ख्रिसमस स्टोरी' लागलेला असतोच, १९९७ पासून हा सिनेमा टीव्हीवर दरवर्षी २४ तास सलग दाखवतात आणि घराघरात तो मागे चालूच असतो. यंदा आई सांगलीहून आली होती म्हणून तिला आणि मुलाला घेऊन क्लीव्हलँडच्या ट्रेमाँट भागातलं सिनेमातलं ते घरच बघून आलो.

गोष्ट केवढी तर राल्फी नावाच्या मुलाला ख्रिसमसला छर्ऱ्याची बंदूक हवीय आणि जो तो म्हणतो डोळा फोडून घेशील. १९८३ ला थिएटरमध्ये बेताचाच चालला होता म्हणे, घरोघर पोचला तो टीव्हीमुळे.

खरं तर इथे जास्त करून बाहेरचे सीन झालेत, घरातले बहुतेक सगळे टोरांटोच्या स्टुडिओतले. म्हणजे हे घर आतून सिनेमासारखं नव्हतंच! ब्रायन जोन्स नावाच्या एकाला नेव्हीत पायलट व्हायचं होतं, नजरेमुळे नाकारलं, तेव्हा आईवडिलांनी त्याला सिनेमातला तो बाईच्या पायाच्या आकाराचा दिवा घरी बनवून पाठवला, त्यावरनं त्याने तसे दिवे विकायचा धंदा काढला आणि २००४ ला ईबेवर दीड लाख डॉलरला हे घरच घेतलं, मग सिनेमा बघून बघून आतलं सगळं तसंच्या तसं करून घेतलं आणि २००६ ला लोकांसाठी उघडलं. एवढी माया लावलीय ते खोलीखोलीत दिसतं.

मला सगळ्यात जास्त काय आवडलं तर इथे हात लावू देतात. बंदूक हातात घ्या, राल्फीचा धाकटा भाऊ रँडी लपतो त्या सिंकखालच्या कपाटात शिरा, कुणी ओरडत नाही. आमचा पाच वर्षांचा कपाटातून बाहेरच येईना, बाहेर एक अमेरिकन आजोबा त्यांच्या नातवाला घेऊन थांबलेले, ते म्हणाले राहू दे गं त्याला, मी पण माझ्या मुलाला इथेच बसवलं होतं. लहान मुलं असतील तर नक्की न्या.

रस्त्यापलीकडे म्युझियम आहे त्याच तिकिटात, घाई करू नका तिथे. हिग्बीज दुकानाच्या खिडकीतली खेळणी, राल्फीच्या शाळेतल्या बाईंच्या वर्गातला फळा, आणि रँडीचा तो बर्फातला सूट, ज्यात आई त्याला इतकं गुंडाळते की बिचाऱ्याला हात खाली करता येत नाहीत. माझ्या आईला इंग्रजी संवाद फारसे कळत नाहीत पण त्या सीनला ती दरवेळी डोळ्यातून पाणी येईपर्यंत हसते. सुटासमोर मात्र बराच वेळ गप्प उभी राहिली, म्हणाली, "एवढुसा होता गं तो!" आणि तिथेच खाली बसून नातवाच्या जॅकेटची चेन गळ्यापर्यंत लावली.

शक्यतो अंधार पडता पडता जा, खिडकीतला तो दिवा बाहेरनं तेव्हाच खरा दिसतो.