कन्सील्ड कॅरी परमिट: पेनसिल्व्हेनिया, न्यू जर्सी, इलिनॉय की टेक्सास?

डेलावेअर नदीच्या पश्चिमेला, पेनसिल्व्हेनियात, कपड्याआड पिस्तूल बाळगायचा परवाना 20 डॉलरमध्ये मिळतो. पाच वर्षं चालतो आणि त्यासाठी एकही गोळी झाडून दाखवावी लागत नाही. पूल ओलांडून न्यू जर्सीत आलात, की त्याच गोष्टीला 200 डॉलर पडतात, परवाना दोनच वर्षांचा, आणि 50 पैकी 40 गोळ्या निशाण्यावर लागल्याशिवाय गाडी पुढे सरकत नाही. देश एक, राज्यघटना एक, आणि मध्ये फक्त एक नदी.

एडिसन (न्यू जर्सी), एक्सटन (पेनसिल्व्हेनिया), नेपरव्हिल (इलिनॉय), फ्रिस्को (टेक्सास) इथल्या मराठी घरांत हा विषय आता दबक्या आवाजात का होईना, पण निघतो. शेजारी चोरी होते, दुकान रात्री उशिरापर्यंत उघडं असतं, किंवा ऑफिसातला कोणी नेमबाजीच्या रेंजवर घेऊन जातो आणि मग प्रश्न येतो: आपणही परमिट काढावं का? बहुतेक जण पहिल्यांदा विचारतात, क्लास किती तासांचा. माझ्या मते तो प्रश्न सगळ्यात शेवटी विचारावा. आधी तुमचा व्हिसा कोणता ते बघा, मग तुमचा दिवस कुठे कुठे जातो ते बघा. यात बरेचसे इच्छुक गळून पडतात.

आधी पासपोर्ट

एच-1बी, एल-1, एफ-1, एच-4 किंवा बी-2 वर असाल, तर कोणत्याही राज्याचा फॉर्म उघडायच्या आधी फेडरल, म्हणजे केंद्र सरकारचा, कायदा आडवा येतो. नॉन-इमिग्रंट, म्हणजे तात्पुरत्या, व्हिसावरच्या माणसाला बंदूक किंवा काडतूस जवळ बाळगणं हाच गुन्हा आहे. मालकी कोणाची, हा मुद्दा गौण. म्हणजे टीम आउटिंगला रेंजवर जाऊन भाड्याच्या पिस्तुलाने चार गोळ्या झाडल्या, तरी ते ‘बाळगणं’च. याला अपवाद आहेत आणि त्यातला एक मजेशीर आहे: वैध शिकारीचा परवाना खिशात असेल, तर ही बंदी लागू होत नाही. त्यामुळे ‘हंटिंग लायसन्स काढ, काही होत नाही’ हा सल्ला रेंजवर सर्रास मिळतो. कागदावर तो खोटा नाही. पण ज्याची ग्रीन कार्डाची फाइल वर्षानुवर्षं रांगेत आहे, त्याने एवढ्या बारीक फटीतून आत शिरावं असं मला वाटत नाही.

ग्रीन कार्ड आलं की दार उघडतं. चारही राज्यांत ग्रीन कार्डधारकाला अर्ज करता येतो. मात्र अमेरिकन नागरिक आणि ग्रीन कार्डवाला यांच्यात एक मोठा फरक उरतो. शस्त्रासंबंधी गुन्ह्यात दोषी ठरलेला नागरिक तुरुंगात जातो. ग्रीन कार्डवाला तुरुंगात जातो आणि वर देशाबाहेर काढला जाण्यास पात्र ठरतो. पुढे सीमारेषांबद्दल जे लिहिलंय, ते वाचताना हे डोक्यात असू द्या.

बाकी अपात्रता सगळीकडे साधारण सारखी, कारण ती फेडरल आहे: गंभीर गुन्ह्यात शिक्षा, घरगुती हिंसाचारात अगदी किरकोळ कलमाखाली झालेली शिक्षा किंवा चालू असलेला संरक्षण आदेश, कोर्टाने मनोरुग्णालयात दाखल केलेलं असणं, बेकायदा अमली पदार्थांचं सेवन. शेवटच्या मुद्द्यावर लोक फसतात. राज्याने गांजा कायदेशीर केला म्हणजे फेडरल सरकारने केला असं होत नाही. दुकानात बंदूक घेताना भरायच्या फॉर्म 4473 वर तशी ताकीदच छापलेली असते. दारूच्या बाबतीत राज्यं आपापली भर घालतात. इलिनॉयमध्ये पाच वर्षांत दोनदा दारू पिऊन गाडी चालवल्याबद्दल दोषी ठरलात, तर परवाना नाही. टेक्सासमध्ये थकलेला कर आणि मुलांच्या पोटगीची थकबाकीही आड येते. वयाची अट सर्वसाधारणपणे 21.

चार राज्यं, चार स्वभाव

पेनसिल्व्हेनियात शेरीफच्या ऑफिसात जायचं, फॉर्म भरायचा, दोन ओळखीच्या माणसांची नावं द्यायची, फोटो काढायचा. फिलाडेल्फिया शहरात हेच काम पोलीस खातं करतं. शेरीफला 45 दिवसांत निर्णय द्यावा लागतो. प्रशिक्षण शून्य. ज्यांना हे सोयीचं वाटतं, त्यांच्याबद्दल मला थोडी काळजी वाटते. आयुष्यात कधी सेफ्टी कॅच न बघितलेला माणूस दुपारी परवाना घेऊन संध्याकाळी पिस्तूल कमरेला लावू शकतो, आणि कायद्याला त्याचं काही वाटत नाही.

टेक्सासची गंमत वेगळी. 1 सप्टेंबर 2021 पासून तिथे 21 वर्षांवरच्या पात्र माणसाला परवाना लागतच नाही. तरीही लायसन्स टू कॅरी नावाचा परवाना चालू आहे आणि लोक तो काढतात. चार ते सहा तासांचा वर्ग असतो, तो ऑनलाइनही चालतो. विषय असतात कायदा, प्राणघातक बळ कधी वापरता येतं, मुलांच्या हाती लागणार नाही असं शस्त्र कसं ठेवायचं, आणि भांडण हातघाईवर न नेता कसं मिटवायचं. मग लेखी परीक्षा आणि रेंज: 3 यार्डांवरून 20 गोळ्या, 7 वरून 20, 15 वरून 10. एकूण 250 गुणांपैकी 175 मिळवायचे. तीन यार्ड म्हणजे नऊ फूट; दिवाणखान्याच्या या सोफ्यावरून त्या सोफ्यापर्यंत. पहिल्यांदाच हातात पिस्तूल धरणारेही एखाद्या तासाच्या सरावानंतर हे पार करतात. फी 40 डॉलर. 2017 च्या आधी ती 140 होती. पहिला परवाना चार वर्षांचा.

मग परवान्याची सक्ती नसताना तो काढायचा कशाला? कारणं व्यवहारी आहेत. शाळेच्या हद्दीपासून 1,000 फुटांच्या आत बंदूक बाळगायला फेडरल कायद्याची मनाई आहे आणि त्यातून त्याच राज्याचा परवाना असलेल्याला सूट मिळते. डॅलसच्या उपनगरात एकही शाळा न ओलांडता भाजी आणून दाखवा! शिवाय दुकानदारांच्या पाट्या. 30.05 कलमाची पाटी परवाना नसलेल्याला अडवते. परवानाधारकाचं लपवलेलं पिस्तूल अडवायला मालकाला 30.06 ची वेगळी, ठरावीक मजकुराची पाटी लावावी लागते. आणि विमानतळावर सुरक्षा तपासणीत विसरून पिस्तुलासकट पोचलात, तर परवानाधारकाला सूचना मिळताच मागे फिरायची कायदेशीर सवलत आहे. 40 डॉलरला हा सौदा स्वस्त आहे.

इलिनॉय हे लपवून शस्त्र बाळगायला परवानगी देणारं शेवटचं राज्य. फेडरल अपील कोर्टाने डिसेंबर 2012 मध्ये तिथली सरसकट बंदी घटनाबाह्य ठरवली, तेव्हा 2013 साली नाइलाजाने कायदा झाला. तो नाइलाज नियमांत दिसतो. आधी एफओआयडी कार्ड, म्हणजे बंदूक बाळगणाऱ्याचं राज्याचं ओळखपत्र, मग 16 तासांचं प्रशिक्षण. रेंजवर 5, 7 आणि 10 यार्डांवरून प्रत्येकी 10 अशा 30 गोळ्या, त्यातल्या 70 टक्के निशाण्यावर. फी 150 डॉलर, मुदत पाच वर्षं. बोटांचे ठसे दिले तर 90 दिवसांत निर्णय, न दिले तर 120. तरीही मला स्वतःला चौघांत इलिनॉयचाच अभ्यासक्रम पटतो. 16 तासांत इन्स्ट्रक्टरला कायदा घाईघाईने उरकावा लागत नाही, आणि गोळी झाडल्यानंतर पोलिसांशी काय बोलायचं, वकील कधी मागायचा, यावर नीट वेळ देता येतो.

आणि न्यू जर्सी. जून 2022 पर्यंत इथे सामान्य माणसाला परवाना मिळणं जवळपास अशक्यच होतं. ‘सबळ गरज’ सिद्ध करावी लागे. 23 जून 2022 ला सुप्रीम कोर्टाने ब्रुएन खटल्यात अशा अटी रद्द केल्या. त्याच वर्षी डिसेंबरात राज्याने नवा कायदा आणला: अडवता येत नाही ना, मग पायऱ्या वाढवा. पहिली पायरी फायरआर्म्स आयडी कार्ड, त्याचे 50 डॉलर. दुसरी, प्रत्येक पिस्तुलासाठी खरेदीचं वेगळं परमिट, 25 डॉलर. तिसरी, कॅरी परमिट, 200 डॉलर आणि सीकेअर नावाची रेंज परीक्षा, तीच ती 50 पैकी 40 वाली. वर चार ओळखीची माणसं द्यायची. ती नात्यातली नकोत, तुम्हाला किमान तीन वर्षं ओळखणारी हवीत, आणि पोलीस त्यांच्याशी बोलणार. इथेच आपली पंचाईत. न्यू जर्सीत नात्याबाहेरची, तीन वर्षं ओळखणारी माणसं म्हणजे मंडळातली नाहीतर ढोल-ताशा पथकातली. ‘हा बंदूक घेतोय’ ही बातमी पुढच्या गणपतीपर्यंत सगळ्या टाउनशिपला कळलेली असेल. ज्याला हे गुपित ठेवायचंय, त्याने आधी विचार करावा.

वर्षाला पडणारा खर्च काढला, तर परवान्याच्या फीपुरता पेनसिल्व्हेनियात 4 डॉलर, टेक्सासमध्ये साधारण 10, इलिनॉयमध्ये 30, न्यू जर्सीत 100. यात क्लासची फी, काडतुसं, होल्स्टर आणि घरातली तिजोरी धरलेली नाही. तिजोरीत कंजुषी करू नका.

दिवस कुठे जातो

शिकागोच्या उपनगरातून रोज ट्रेनने कामाला जाणाऱ्याने 16 तासांचा क्लास करण्याआधी एवढं लक्षात घ्यावं: इलिनॉयच्या कायद्यात सार्वजनिक वाहतुकीत पिस्तूल नेता येत नाही. शाळा, पाळणाघर, हॉस्पिटल, सरकारी इमारत, अर्ध्याहून अधिक कमाई दारूवर असलेला बार, सगळं वर्ज्य. खाजगी जागेच्या दारावर 4 बाय 6 इंचांची छोटी पाटी असेल, तर तिथेही नाही. मग उरतं काय, तर घर ते गाडी आणि गाडी ते कॉस्टको.

न्यू जर्सीची मनाईच्या जागांची यादी तर याहून लांब आहे आणि तिच्यावरून कोर्टात मोठी लढाई झाली आहे, त्यामुळे अर्ज करायच्या आठवड्यात ताजी यादी वाचणं भाग आहे. टेक्सासमध्ये कंपनीने मनाई केली तरी कर्मचाऱ्याला पार्किंगमधल्या स्वतःच्या बंद गाडीत पिस्तूल ठेवू द्यावं लागतं, 2011 पासून. ऐकायला छान. पण मग तुमचं पिस्तूल दिवसाचे आठ तास एका काचेपलीकडे पडून असतं, आणि चोराला ते ठाऊक असतं.

आता सीमारेषा. न्यू जर्सी दुसऱ्या कोणत्याही राज्याचा परवाना मानत नाही. 2013 साली फिलाडेल्फियाची एक तरुण आई पेनसिल्व्हेनियाचा रीतसर परवाना पर्समध्ये घेऊन न्यू जर्सीत शिरली. पोलिसाने गाडी थांबवली, तिने स्वतःहून सांगितलं की माझ्याकडे पिस्तूल आहे आणि हा परवाना. तिला तिथेच अटक झाली. त्या कलमाखाली पॅरोलशिवाय किमान साडेतीन वर्षं समोर दिसत होती. प्रकरण गाजलं, तिला खटल्याऐवजी सुधारणा कार्यक्रमाची वाट मिळाली आणि 2015 मध्ये न्यू जर्सीचे तेव्हाचे गव्हर्नर क्रिस्टींनी माफी दिली. ती अमेरिकन नागरिक होती आणि तिच्या पाठीशी देशभरातून आवाज उठला. एक्सटनहून एडिसनला मैफलीला निघालेल्या ग्रीन कार्डवाल्याने स्वतःला तिच्या जागी ठेवून बघावं. राज्यातून नुसतं पार जायचं असेल, तर फेडरल कायदा संरक्षण देतो, पण पिस्तूल रिकामं आणि हाताशी येणार नाही असं, शक्यतो डिकीत कुलपात, हवं. वाटेत मुक्काम केलात की ते संरक्षण डळमळतं. 2005 मध्ये न्यू जर्सीतल्या नुअर्क विमानतळावर पुढचं विमान चुकलं म्हणून बॅग घेऊन हॉटेलात रात्र काढलेल्या युटाच्या एका प्रवाशाने दुसऱ्या दिवशी काउंटरवर पिस्तुलाची माहिती स्वतःहून दिली, आणि तोही आत गेला.

मग कोणी काढावं?

रात्री रोकड घेऊन दुकान बंद करणारा, नागरिक झालेला, टेक्सास किंवा पेनसिल्व्हेनियात राहणारा आणि राज्याबाहेर क्वचितच गाडी नेणारा माणूस असेल, तर परवाना उपयोगाचा आहे. पेनसिल्व्हेनियात असाल तर कायदा मागत नाही म्हणून थांबू नका. टेक्सासची 50 गोळ्यांची परीक्षा स्वतःच्या पैशाने रेंजवर देऊन बघा. आणि होल्स्टरमधून पिस्तूल काढण्या-घालण्याचा वेगळा क्लास करा. शर्टाच्या टोकात ट्रिगर अडकून स्वतःच्याच मांडीत गोळी जाण्याचा धोका तिथे असतो.

ट्रेनने जाणारा, मुलांना शाळेत सोडणारा, ऑफिसात आठ तास बसणारा न्यू जर्सीकर असाल, तर मी काढू नका म्हणेन. घरात संरक्षणासाठी शस्त्र हवंच असेल, तर तिथे कॅरी परमिट लागत नाही. पहिल्या दोन पायऱ्या पुरतात. मात्र घरात लहान मुलं आणि सहा महिन्यांसाठी आलेले आई-बाबा असतील, तर किल्ली कोणाकडे हे ठरवून ठेवा. बी-2 व्हिसावरच्या आजोबांना तिजोरीचा नंबर ठाऊक असेल, तर शस्त्र त्यांच्याही ताब्यात होतं असा अर्थ लावता येतो. टेक्सासमध्ये तर 17 वर्षांखालच्या मुलाच्या हाती भरलेलं शस्त्र लागू देणं हा पालकाचा स्वतंत्र गुन्हा आहे.

परवाना कुठलाही काढा, रेंजची बॅग वेगळी ठेवा. तीच बॅग भारतात जाताना केबिन बॅग झाली आणि तळाच्या कप्प्यात एखादं जिवंत काडतूस राहिलं, तर मुंबई विमानतळावरच्या एक्स-रे मशीनमध्ये ते दिसतं. 1959 चा शस्त्र कायदा काडतुसालाही लागू आहे आणि टेक्सासचं लायसन्स तिथे दाखवून काही होत नाही. ‘मला माहीत नव्हतं’ हा बचाव कोर्टात बरेचदा टिकतो, पण तो मांडायला मुंबईत थांबावं लागतं आणि परतीचं विमान तोवर निघून गेलेलं असतं.