‘250 गेम भरलेली’ हार्ड डिस्क मागवण्याआधी हे वाचा

सोशल मीडियावर एक जाहिरात फिरतेय. 2 टीबीची एक्स्टर्नल हार्ड डिस्क, आत 250 पीसी गेम आधीच भरलेले, डाउनलोडची कटकट नाही, आयएसओ फाइलवर डबल क्लिक करा आणि खेळा. किंमत 1,499 रुपये, कॅश ऑन डिलिव्हरी. वेबसाइटचं नाव बदलत राहतं, फोटो तोच. शिमग्याच्या तोंडावर ही डिस्क आमच्या घरी आली आणि तिचा ताप आमच्या आंब्याच्या गिऱ्हाइकांपर्यंत पोचला, म्हणून सविस्तर लिहितोय.

शहरातल्यांना वाटेल, गेम सरळ डाउनलोड करायचा सोडून डिस्क कशाला? देवगड तालुक्यातल्या आमच्या वाडीत फायबर अजून आलेलं नाही. मोबाइलचा हॉटस्पॉट, तोही माडीवरच्या खिडकीत फोन ठेवला तर. रोजचा दीड जीबीचा पॅक, आणि आजकालचा मोठा गेम साठ-सत्तर जीबीचा. घरात बाकी कुणी नेटला हात लावला नाही तरी महिना-दीड महिना लागेल. असली जाहिरात आमच्यासारख्यांसाठीच असते. पुतण्या डिप्लोमाला आहे, त्याने वहिनीच्या फोनवरून ऑर्डर दिली.

कुरिअरवाल्याने पैसे हातात पडेपर्यंत खोका उघडू दिला नाही. “आधी पैशे देवा, मगे उघडा. कंपनीन तसाच सांगितल्यान हा,” म्हणाला. त्याचा बिचाऱ्याचा त्यात काही दोष नाही.

डिस्क जोडली तर सगळं व्यवस्थित दिसलं. फोल्डर उघडला की गेमांच्या नावांची लांबच लांब यादी, प्रत्येकापुढे साइज: 700 एमबी, 4.3 जीबी, 38 जीबी. आयएसओ म्हणजे सीडी किंवा डीव्हीडीची जशीच्या तशी उतरवलेली प्रत, एका फाइलमध्ये. पूर्वी ती उघडायला वेगळं सॉफ्टवेअर लागायचं. 2012 च्या विंडोज 8 पासून नुसतं डबल क्लिक केलं की कॉम्प्युटरमध्ये नवा ड्राइव्ह दिसतो, जणू डीव्हीडी आत घातली. त्यातला सेटअप चालवायचा. यादीत वरचे सगळे जुने, सीडीच्या जमान्यातले छोटे गेम होते. ते झटपट इन्स्टॉल झाले, चाललेही. तेवढ्यात व्हॉट्सॲपवर मेसेज: पाच स्टार द्या, शंभर रुपये कॅशबॅक मिळवा. पुतण्याने दिले. कॅशबॅक अर्थातच आला नाही.

खालच्या मोठ्या फाइलींना हात लावला तेव्हा गाडी अडली. कुठे विंडोज म्हणे डिस्क इमेज करप्ट आहे, कुठे सेटअप अर्ध्यावर येऊन सीआरसीची एरर दाखवी, म्हणजे फाइलमधला डेटा तपासणीत जुळत नाही. हे कसं होतं ते नीट समजून घ्या, कारण फसवणुकीची सगळी मेख इथे आहे. डिस्कच्या आतली चिप विंडोजला खोटं सांगते की माझ्यात 2 टीबी जागा आहे. खरी जागा असते 64 जीबी. कॉपी करताना ती ‘झालं, झालं’ म्हणत राहते. फाइलींची नावं आणि साइज सुरुवातीच्या भागात लिहिली जातात, ती टिकतात. पहिल्या 64 जीबीतला मालही टिकतो. पुढचा कुठेच लिहिला जात नाही, किंवा आधीच्यावरच लिहिला जातो. म्हणून यादीत 38 जीबी दिसतं आणि आत शून्यं भरलेली असतात. छोटे गेम वर ठेवण्याचं कारणही हेच: पैसे आणि स्टार पदरात पडेपर्यंत तरी काहीतरी चालायला हवं.

एक खूण सांगून ठेवतो. खरी 2 टीबीची डिस्क विंडोजमध्ये साधारण 1.81 टीबी दिसते, कारण कंपन्या हजाराच्या पटीत मोजतात आणि विंडोज 1024 च्या. आमची 1.95 दाखवत होती.

बरं, इतक्यावर थांबलं असतं तर दीड हजार गेले म्हणून गप्प बसलो असतो. पण खोक्यात एक कार्ड होतं, ‘इन्स्टॉलेशन सपोर्ट’ आणि खाली मोबाइल नंबर. माझं ठाम मत झालंय की ती डिस्क नुसतं आमिष होती. गेम बंद पडावा आणि तुम्ही स्वतःहून फोन करावा, हीच त्यांची योजना. फसवणाऱ्याने फोन केला तर माणूस सावध असतो, आपण केलेल्या फोनवर नसतो.

पलीकडचा माणूस गोड बोलणारा, हिंदीत. म्हणाला, फाइल बरोबर आहे, तुमच्या पीसीला फिक्स लागेल. स्क्रीन शेअर करणारं ॲप घ्यायला लावलं, मग अँटीव्हायरस बंद करायला सांगितलं. “क्रॅकला अँटीव्हायरस उगाच व्हायरस समजतो, सगळ्यांना असंच होतं.” क्रॅक म्हणजे चोरीचा गेम चालावा म्हणून त्याचं कुलूप तोडणारी फाइल. असं कधीकधी खरंच होतं, म्हणूनच ही थाप पचते. नंतर एक झिप फाइल आली, पासवर्ड मेसेजमध्ये वेगळा. पासवर्ड लावलेल्या झिपच्या आत अँटीव्हायरसला डोकावता येत नाही. झिपमध्ये छोटी आयएसओ, तिच्या आत फिक्स. एवढी एकात एक पुडकी कशाला? नेटवरून आलेल्या फाइलवर विंडोज एक खूण लावते आणि ती उघडताना इशारा देते. आयएसओच्या आतल्या फाइलींना पूर्वी ती खूण लागत नसे. मायक्रोसॉफ्टने 2022 च्या नोव्हेंबरमध्ये अपडेट देऊन हे भोक बुजवलं. पण आमच्याकडे डेटा वाचवायला म्हणून अपडेट बंद ठेवलेले कॉम्प्युटर घराघरात आहेत. आमचाही त्यातलाच.

स्क्रीन काळी झाली. ‘अपडेट चालू आहे, बंद करू नका.’ गेम काही चालू झाला नाहीच, आणि तो माणूस ‘उद्या बघू’ म्हणून फोन ठेवून मोकळा.

ह्याच कॉम्प्युटरवर आमच्या हापूसच्या ऑर्डरींचा हिशेब होता: गिऱ्हाइकांची नावं, नंबर, पत्ते, कुणाला किती पेट्या. व्हॉट्सॲप वेबही उघडंच. पुढच्या आठवड्यात पुण्याहून एका जुन्या गिऱ्हाइकाचा फोन. “काय हो, तुम्ही कधीपासून मला ‘डिअर कस्टमर’ म्हणायला लागलात?” त्यांना व्हॉट्सॲपवर मेसेज आला होता: माझं नाव, आमच्या बागेचा फोटो, नंबर मात्र परका. यंदा पीक कमी आहे, पाच डझनाची पेटी हवी तर निम्मे पैसे आजच या क्यूआरवर पाठवा. पार्ल्याच्या एका काकूंनी पाठवले होते, आणखी दोघांनीही. पीक खरंच कमी होतं हो, त्यामुळे कुणाला संशय यायचं कारणच नव्हतं.

अशा वेळी करायचं काय ते सांगतो. 1930 हा सायबर फसवणुकीचा राष्ट्रीय क्रमांक. ज्याच्या खात्यातून पैसे गेले त्याने तो लावायचा, लगेच, कारण पैसे पुढच्या खात्यात असेपर्यंतच गोठवता येतात. तक्रार राष्ट्रीय सायबर क्राइम पोर्टलवरही नोंदवता येते. पार्ल्याच्या काकूंनी त्याच दुपारी फोन केला, त्यांची रक्कम गोठली आहे, अजून हातात आलेली नाही. बाकी दोघांनी दोन रात्री जाऊ दिल्या, त्यांच्या पैशांना पाय फुटले होते. मी सगळ्या यादीला एकेक करून फोन लावले. दुसऱ्या स्वच्छ फोनवरून ईमेल आणि बँकेचे पासवर्ड बदलले, आणि ‘सगळ्या डिव्हाइसवरून लॉग आउट’ केलं. हे दुसरं लोक विसरतात. ब्राउझरमधलं चालू लॉगिनच चोरलं असेल तर चोराला पासवर्ड किंवा ओटीपीची गरजच पडत नाही.

डिस्क कणकवलीला दुरुस्तीवाल्याकडे नेली. स्क्रू नव्हतेच, त्याने नखाने कडेची फट शोधून पातळ पट्टीने झाकण उचकटलं. आत बोटाच्या पेरापेक्षा लहान मायक्रोएसडी कार्ड, मोबाइलमध्ये घालतात तसलं, एका हिरव्या पट्टीवरच्या रीडरमध्ये. त्याच्या बाजूला गरम गोंदाने डकवलेला लोखंडाचा तुकडा, गंज धरलेला. वजन वाटावं म्हणून. “असले अजून दोन आणलेले लोकांनी,” तो म्हणाला आणि ड्रॉवर उघडून दाखवले.

लोक तक्रार का करत नाहीत, तर माल मुळात चोरीचा. गेमची अशी कॉपी विकणं 1957 च्या कॉपीराइट कायद्यानुसार गुन्हा आहे, आणि ‘तुम्ही घेतलीत कशाला’ ह्या प्रश्नाची सगळ्यांना धास्ती. विकणारा त्याच धास्तीवर जगतो. तरी तक्रार करा. 64 जीबीची वस्तू 2 टीबी म्हणून गळ्यात मारणं ही वेगळी फसवणूक आहे. त्यासाठी राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन आहे, 1915.

कुठलीही नवी डिस्क किंवा पेनड्राइव्ह आली की माल भरण्याआधी एचटूटेस्टडब्ल्यू (H2testw) नावाचं फुकट सॉफ्टवेअर चालवा. ते जागा भरतं आणि लिहिलेलं परत वाचून ताडून बघतं. पूर्ण 2 टीबी तपासायला दिवस जातील, पण पहिले दोन-तीनशे जीबी भरले तरी अशा बनावट मालाचं पितळ उघडं पडतं.

आयएसओ फाइल मात्र वाईट नव्हे. आमचा कॉम्प्युटर पुसून विंडोज नव्याने टाकली, तीही आयएसओतूनच, फक्त मायक्रोसॉफ्टच्या स्वतःच्या साइटवरून घेतलेल्या. तिथे फाइलसोबत एसएचए-256 चा लांबलचक आकडा दिलेला असतो, तो त्या फाइलच्या बोटाच्या ठशासारखा. कमांड प्रॉम्प्टमध्ये विंडोजमधलीच सर्टयुटिल (certutil) ही कमांड चालवून आपल्या फाइलचा आकडा काढायचा आणि जुळवायचा. एक अक्षर जरी वेगळं आलं तर फाइल टाकून द्यायची.

आणि वाडीत नेट नाही ह्यावरही उपाय आहे, तो आधी कुणी सांगितला नाही. स्टीम ह्या गेम विकणाऱ्या ऑनलाइन दुकानातून घेतलेल्या गेमचा बॅकअप काढता येतो. कणकवलीत फायबर असलेल्या मित्राकडे आपल्या अकाउंटने गेम उतरवायचा, बॅकअप खऱ्याखुऱ्या डिस्कवर घ्यायचा, घरी येऊन रिस्टोअर करायचा. मग हॉटस्पॉटवर उरलेसुरले अपडेट तेवढे येतात. डिस्क एक्सएफएटी किंवा एनटीएफएस फॉरमॅटची ठेवा, एफएटी32 वर 4 जीबीपेक्षा मोठी एकही फाइल बसत नाही. पुतण्याने सेलमध्ये दोनशे रुपयांत घेतलेला गेम असाच एसटीने घरी आणला.