सोसायटीत फायबर-वायफाय करून घेताय? आधी आमचं काय झालं ते वाचा

काल शेजारच्या सोसायटीच्या सेक्रेटरींचा फोन आला, म्हणाले अहो तुमच्याकडे ज्यांनी नेटवर्कचं काम केलं त्यांचं कोटेशन आलंय आमच्याकडे, फोटोपण पाठवलेत तुमच्या बी विंगच्या कॅबिनेटचे, काम एकदम क्लीन दिसतंय, देऊन टाकू का ऑर्डर? मला पहिलं हसूच आलं. मग म्हटलं एकेकाला फोनवर सांगत बसण्यापेक्षा लिहूनच टाकू.

आम्ही डोंबिवलीत. दोन विंग, सात मजले, ५६ फ्लॅट. आधी काय व्हायचं, प्रत्येक इंटरनेटवाला यायचा आणि गच्चीवरून आपली काळी वायर खिडकीत सोडून जायचा, बिल्डिंगला जळमटं लागल्यासारखी दिसायची, आणि एकाने कनेक्शन बदललं की जुनी वायर कोणी काढायचं नाही. म्हणून सभेत ठरलं की सोसायटीनेच प्रत्येक घरातून खाली तळमजल्याच्या बॉक्सपर्यंत एकेक फायबर टाकायची, कंपनी कुठलीही असो, तिने खाली बॉक्सात जोडून घ्यायचं. सोबत १६ कॅमेरे आणि ऑफिस, लॉबी, गेट इथे वायफाय. तीन कोटेशन आली. दोन साडेपाच लाखांच्या वर, एक ३,८६,००० अधिक जीएसटी. खजिनदार काका म्हणाले हा एवढा खाली कसा काय? तर मी म्हटलं लोकल माणूस आहे, ऑफिसचं भाडं नाही, म्हणून परवडतं त्याला. हे वाक्य मिनिट्समध्ये माझ्या नावावर लिहिलेलं आहे, काका अजून ऐकवतात.

माणूस गोड बोलायचा. पहिल्याच दिवशी लॉबीत टेबल टाकून त्यावर स्प्लायसिंग मशीन मांडलं, केसाएवढी काच, तिची दोन टोकं स्क्रीनवर समोरासमोर येतात, एक ठिणगी पडते आणि जुळून एक होतात, शाळेतून आलेली पोरं दप्तरासकट बघत उभी. आम्हीपण बघत उभे. ते मशीन दोन दिवस दिसलं. तिसऱ्या दिवसापासून नुसतीच त्याची कामाची पोरं यायची, खिशात पक्कड आणि पिशवीभर कनेक्टर. आम्हाला वाटलं मशीनचं काम संपलं असेल.

शेवटी डेमो. लॉबीत छताला वायफायचा डबा, त्याच्या बरोब्बर खाली उभं राहून त्याने मोबाईलवर स्पीड टेस्ट लावली, २८० एमबीपीएस आलं, टाळ्या. ४० टक्के ॲडव्हान्स, ४० टक्के माल आल्यावर आणि १० टक्के त्या टाळ्यांवर, असे ९० टक्के गेले.

जूनमध्ये त्रास सुरू झाला. गेटजवळचे दोन कॅमेरे आणि मागच्या पार्किंगमधला एक, दिवसभर मस्त चालायचे आणि संध्याकाळी सातनंतर बंद-चालू, बंद-चालू. त्याला फोन केला की कधी म्हणे पाणी शिरलं, कधी म्हणे तुमच्या बिल्डिंगला अर्थिंग नीट नाही, एकदा तर म्हणाला फर्मवेअर, आणि प्रत्येक व्हिजिटचे ५०० रुपये वेगळे. महिनाभर आम्ही इलेक्ट्रिशियन बोलावून अर्थिंग तपासत बसलो.

३०४ वाल्यांचा भाचा केबलिंगच्याच लाइनमध्ये आहे, तो रविवारी जेवायला आला होता म्हणून त्याला सहज दाखवलं. त्याने विचारलं फक्त रात्रीच होतं का? हो म्हटल्यावर म्हणाला कॅमेऱ्यांच्या वायरचा उरलेला तुकडा आहे का कुठे. होता, ऑफिसच्या माळ्यावर. त्याने वरचं निळं कव्हर सोललं, आतल्या आठ तारांमधली एक घेतली, तिचं प्लास्टिक काढलं, तार लालसर, तांब्यासारखीच. मग दाढीच्या ब्लेडने हळूच खरवडली. वरचा लाल पापुद्रा निघाला आणि आत पांढरीफटक. ॲल्युमिनियम! वरून तांब्याचा नुसता मुलामा. याला सीसीए म्हणतात म्हणे, आणि आमच्या बिलात लिहिलंय कॅट सिक्स, प्युअर कॉपर, म्हणजे नेटवर्कची अस्सल तांब्याची वायर.

रात्रीच का, तर कॅमेऱ्याला वीज त्याच नेटवर्कच्या वायरीतून जाते, ज्याला पीओई म्हणतात. अंधार पडला की कॅमेऱ्यातले इन्फ्रारेड दिवे लागतात आणि तो जास्त करंट ओढतो. या मुलाम्याच्या तारेचा रेझिस्टन्स तांब्याच्या दीडपटीहून जास्त, गेटपर्यंतची वायर ८० मीटर, मग टोकाला व्होल्टेज पोचत नाही, कॅमेरा मान टाकतो, परत उठतो, परत टाकतो. जवळचे कॅमेरे म्हणून ठीक चालत होते. आणि मला तेव्हा आठवलं, माल आला त्या दिवशी एक किडकिडीत पोरगा वायरचे ३०५ मीटरचे दोन डबे खांद्यावर टाकून शीळ घालत जिना चढला होता. मी कौतुक केलं होतं त्याचं. तांबं ॲल्युमिनियमपेक्षा तिपटीहून जड असतं, खरा माल असता तर शीळ निघाली नसती.

फायबरचं कळायला गणपती उजाडले. ६०२ वाल्या वहिनींनी नवीन कनेक्शन घेतलं, कंपनीचा टेक्निशियन आला, खाली बॉक्सात जोडलं, वर घरात इंटरनेटचा डबा लावला तर लाल लाईट. तो म्हणाला लाईट पोचत नाहीये मॅडम, तुमच्या सोसायटीची लाइन खराब आहे. मी म्हटलं नवीकोरी आहे, असं कसं होईल. त्याने पॉवर मीटर काढला, फायबरमधला प्रकाश मोजायचा. खाली बॉक्सात मायनस १९, सहाव्या मजल्यावर मायनस २८. हा आकडा मायनसमध्ये जितका मोठा तितका प्रकाश कमी, आणि मायनस २७ च्या पुढे डबा रडायला लागतो. आता गंमत अशी की फायबरमध्ये अख्ख्या किलोमीटरला अर्धा डीबीसुद्धा (प्रकाश किती घटला ते डीबीत मोजतात) जात नाही, आमची वायर फार तर ४० मीटर, आणि तेवढ्यात ९ डीबी गायब. दर ३ डीबीला प्रकाश निम्मा होतो, म्हणजे आठातले सात भाग वाटेतच सांडले.

भिंतीवरचा बॉक्स उघडला तर आत मशीनने केलेला जोड नव्हताच, हाताने दाबून बसवायचा फास्ट कनेक्टर होता, आणि तोही निळा, दोन टोकं जोडायच्या हिरव्या कपलरमध्ये खुपसलेला. हिरव्याचं टोक ८ अंशात तिरकं घासलेलं असतं, निळ्याचं सरळ, दोन्ही समोरासमोर बसतच नाहीत, मध्ये फट राहते. वर डक्टच्या कोपऱ्यात झिप टायने वायर अशी आवळली होती की काटकोनात मोडलेली. बिलात मात्र फ्यूजन स्प्लायसिंग, म्हणजे मशीनचे जोड, ११२ नग, ५६ घरं गुणिले दोन टोकं. मग सगळ्या घरांत मीटर लावला, २३ घरांत हाच प्रकार. ए विंगचे खालचे तीन मजले एकदम परफेक्ट, तेच ते मशीनवाले दोन दिवस.

वायफायचं थोडक्यात सांगतो. खोक्यावरचा सिरियल नंबर आणि डब्यामागचा नंबर वेगळा. कंपनीच्या कस्टमर केअरला डब्यावरचा नंबर सांगितला तर म्हणाले याची वॉरंटी कधीच संपली. जुना माल नव्या खोक्यात. ॲडमिन पासवर्ड मागितला तर म्हणतो बाकीचे १० टक्के टाका, मग देतो.

आणि जीएसटी! १८ टक्के लावला, ६९,४८० रुपये. खजिनदार काकांनी एका रात्री जीएसटीच्या साइटवर नंबर टाकून बघितला, रजिस्ट्रेशन कॅन्सल्ड, आणि तेही आमच्या बिलाच्या तारखेच्या आधीच. दोन मिनिटांचं काम होतं, फुकट होतं, आम्ही कोटेशन आलं तेव्हा केलं नाही.

पोलीस स्टेशनला गेलो, ते म्हणाले हा दिवाणी मामला आहे. १९१५ या ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार केली, नंबर मिळाला. वकिलाची नोटीस गेली, ती ‘घर बंद’ शेरा मारून परत आली. माणूस त्याच घरात राहतो, मी स्वतः बाल्कनीत कपडे वाळत घातलेले बघून आलोय.

दुरुस्तीला १,३२,००० गेले. दुसऱ्या माणसाला मी स्पष्ट सांगितलं, डबा माझ्यासमोर फोडायचा, प्रत्येक डब्याची तार मी खरवडणार. तो हसला नाही, खिशातून स्वतःच ब्लेड काढून दिलं, तेव्हाच जरा बरं वाटलं. प्रत्येक जोडाला मशीनच्या स्क्रीनवर लॉस दिसतो, ०.०२ डीबी वगैरे, त्याचा फोटो घेतला. घराघरात खालचं आणि वरचं रीडिंग वहीत लिहिलं, फरक १ डीबीच्या आत असेल तरच त्या घराचे पैसे, आणि शेजारी घरमालकाची सही. कॅमेरे रात्री नऊला तपासले, दिवसा नाही. वायफाय डब्याखाली न तपासता गेटवर वॉचमनच्या खुर्चीत बसून तपासलं. पासवर्ड सीलबंद पाकिटात खजिनदारांकडे. त्याचं कोटेशन पहिल्यांदा आलेल्या साडेपाच लाखवाल्यांपैकीच एक, हे सांगायला नको.

शेजारच्या सेक्रेटरींना म्हटलं रविवारी या, वहीपण दाखवतो आणि ते कॅबिनेटपण. फोटोत जे क्लीन दिसतंय ना, ते कॅबिनेटचं दार आहे.

पहिल्या माणसाचे १० टक्के, ४५,५४८ रुपये, अजून आमच्याकडेच आहेत. तो फोन उचलत नाही, पण रोज सकाळी साडेसहाला गुलाबाच्या फुलाचं शुभ प्रभात न चुकता येतं.